परतीचा वास

मंगळवार, २७ जानेवारी

आज साहेबांनी मला धक्क्यावरून खाली उतरवलं.

एकोणतीस वर्षं मी डेअरीच्या त्या धक्क्यावर उभी राहून दुधाच्या कॅनची झाकणं हुंगली आहेत. काम एवढंच. झाकण उघडायचं, उलटं करून नाकाशी न्यायचं, एक श्वास घ्यायचा आणि म्हणायचं, 'घ्या' किंवा 'परत'. परत गेलेल्या कॅनच्या चिठ्ठीवर 'नापास' लिहून सही. नवखे लोक वाकून दुधाचा वास घेतात. दुधाला काय विचारता, झाकणाला विचारा. वाटभर सगळा वास वर चढून तिथे बसलेला असतो. दूध घालणारे मला मागे 'नाकवाली' म्हणतात आणि समोर 'बाई'. दोन्हींत मला काही वावगं वाटत नाही.

डिसेंबरात आठ दिवस ताप होता. तो गेला, पण नाक जरा बसलं. जरा. सर्दीत कुणाचं बसत नाही? आणि या महिन्यात बारा तारखेला दुधाची एक अख्खी टाकी नासली. साहेब म्हणाले, एखादा खराब कॅन तुमच्या हातून आत गेला असेल. मी म्हणाले, पहाटे कूलर बंद पडला होता, त्याचं बघा आधी. कूलरच्या मिस्त्रीला ताकीदपत्र मिळालं. मला वाटलं प्रकरण मिटलं.

मिटलं नव्हतं. सहा मार्चला माझी चाचणी आहे. दहा बाटल्या, त्यात तीन खराब. वासावर तिन्ही ओळखल्या तर धक्का माझा. नाही ओळखल्या तर माझ्या जागी यंत्र बसणार आणि मी कायमची नोंदवहीच्या टेबलावर. तोपर्यंतही टेबलावरच. यंत्राला सर्दी होत नाही म्हणे. बरोबर आहे, त्याला नाक कुठे असतं?

बघू कोण कुणाला उतरवतं ते.

गुरुवार, २९ जानेवारी

आमचे हे पुस्तकं बांधतात. वाचनालयातली फाटकी पुस्तकं आणायला आज मीही त्यांच्याबरोबर गेले, कारण टेबलावर बसून माझे पाय आखडलेत. तिथल्या फळ्यावर एक कागद होता: 'साके: जपानी तांदळाच्या मद्याची ओळख. सहा रविवार, दुपारी चार ते साडेपाच. वास घ्यायला शिका.'

ते शेवटचे तीन शब्द वाचून आधी रागच आला. मला शिकवणार? मग मोजले. सहा रविवारांतले पाच चाचणीच्या आधी येतात. हाताला सवय राहावी म्हणून तालमीत जातात, तसं नाकाला न्यायचं. तिथेच नाव घातलं.

यांनी कागद पुन्हा वाचला. मग विचारलं, "पिणार?" मी म्हटलं, थुंकणार. चाखणारे थुंकतात. यांनी मान हलवली. वन्संना सांगायचं नाही असं मी बजावलं. वन्सं म्हणजे यांची थोरली बहीण, आमच्या वरच्या मजल्यावर एकट्या राहतात. त्यांचे यजमान दारूपायी गेले. त्या घरात शिरतानाही 'साके' हा शब्द चपलांबरोबर बाहेर ठेवावा लागेल.

यांच्या सदऱ्याला पूर्वी सरसाचा वास यायचा, मी कुरकुर करायची. हल्ली येत नाही. बहुतेक सरस बदलला असावा.

रविवार, १ फेब्रुवारी

फरश्यांच्या दुकानावरची लांबट खोली. पांढरं कापड घातलेलं टेबल, प्रत्येकापुढे पाण्याचा पेला आणि थुंकायला झाकणवाला डबा. शिकवणाऱ्या बाई चाळिशीतल्या, आठ वर्षं जपानात साकेच्या कारखान्यात राबून आलेल्या. त्यांना मी मनात 'मास्तरीणबाई' नाव दिलं. अत्तर लावून आलेल्या एका जोडप्याला त्यांनी मागच्या खिडकीपाशी बसवलं, तेव्हाच माझं मत चांगलं झालं.

माझ्या शेजारी एक निवृत्त बस ड्रायव्हर आहेत. मुलगा जपानात, सून तिथली. व्याह्यांनी मागच्या वेळी प्रेमाने पेला पुढे केला आणि ड्रायव्हरकाकांना 'छान' यापलीकडे शब्द सापडला नाही, म्हणून आलेत. "पंधरा दिवस मी नुसतं 'छान छान' करत होतो," ते म्हणाले.

साके पांढऱ्या चिनीमातीच्या वाटीत देतात. वाटीच्या तळाला दोन निळी वर्तुळं असतात. ती स्वच्छ दिसली तर साके नितळ. हे मला पटलं. बघून तपासायचं, मग नाकाने, मग तोंडाने, असा क्रम.

पहिल्या वाटीला ड्रायव्हरकाका म्हणाले केळं. जोडप्यातली मुलगी म्हणाली केळं. मीही म्हणाले केळं. मास्तरीणबाई म्हणाल्या बरोबर. दुसरीला ते म्हणाले सफरचंद, मला सफरचंदच वाटलं. नाक शाबूत आहे. उगाच घाबरवून ठेवलं होतं लोकांनी.

मी बाटलीचं बूच मागून घेतलं आणि हुंगलं, सवयीने. सगळे हसले. हसू देत.

बुधवार, ४ फेब्रुवारी

वन्सं दिवसातून तीनदा खाली येतात. कधी सुईदोरा, कधी कालचा पेपर. आज मी धुणं वाळत घालत होते, तर या धाडधाड जिना उतरून थेट स्वयंपाकघरात शिरल्या, गॅस बंद केला, भाताचं पातेलं उतरवलं. थोडा लागला होता तळाला. तळाला भात लागणं हा काही गुन्हा नाही. वरच्या मजल्यावरून त्यांना कसं कळलं देव जाणे. लक्षच असतं त्यांचं आमच्या घराकडे.

यांनी दुधाचा चहा सोडलाय. पित्त होतं म्हणे. कोरा चहा पितात आणि तोंड वेडंवाकडं करतात. मी म्हटलं, डॉक्टरकडे जा. म्हणाले, जाईन.

सोमवार, ९ फेब्रुवारी

काल तांदळाचा धडा होता. साकेसाठी तांदूळ घासतात, कधी निम्मा राहीपर्यंत. बाहेरचा भाग जड, आतला हलका. मास्तरीणबाईंनी दोन वाट्या दिल्या, एक कमी घासलेल्या तांदळाची, एक जास्त. फरक मला जिभेवर कळला. नाकाला दोन्ही सारख्याच वाटल्या, पण खोलीत पंखा होता.

पिशवीत तो धड्याचा कागद राहिला आणि वन्संच्या हाती लागला. आज सकाळी त्या दारातच उभ्या राहिल्या. आवाज चढवला नाही. चढवला असता तर बरं झालं असतं, मलाही चढवता आला असता.

"माझ्या घरात बाटली वीस वर्षं होती," त्या म्हणाल्या. "त्यांचीही सुरुवात अशीच झाली. नुसता वास घेतो म्हणायचे."

मी म्हटलं, मी थुंकते. थेंब गिळत नाही. त्या म्हणाल्या, "कशासाठी पण? तुला कमी काय आहे?"

कमी काय आहे हे मी त्यांना सांगणार नव्हते. मी म्हटलं, माझ्या कामाचं आहे. त्या वर गेल्या. पेपर न्यायला विसरल्या, किंवा मुद्दाम नेला नाही. मी रविवार सोडणार नाही. त्यांच्या यजमानांची शिक्षा मी का भोगू?

हे लिहिलं आणि वाईट वाटलं. खोडत मात्र नाही.

रविवार, १५ फेब्रुवारी

आज माझी फजिती झाली, आणि आणखीही काहीतरी झालं. नीट लिहिते.

चौथी वाटी आली. रंग जरा पिवळसर. मी पहिला घोट फिरवला आणि जीभ कडेने आंबट झाली. हे आंबट मला झोपेतही कळेल. कॅन उन्हात राहिला की दुधाला हेच होतं. मी डबा ओढला, थुंकले आणि मोठ्याने म्हणाले, "नापास. हे आंबलंय. परत पाठवा."

सगळे माझ्याकडे बघायला लागले. ड्रायव्हरकाकांनी घाईघाईने आपली वाटी खाली ठेवली. मास्तरीणबाई हसल्या नाहीत, हे त्यांचं भलेपण. त्या म्हणाल्या, ही आजची सगळ्यात भारी साके. जुन्या पद्धतीत दह्याचे जंतू बाहेरून घालत नाहीत. ते हवेतून आपणहून यावेत म्हणून महिनाभर वाट बघतात. त्यांच्या आंबटपणावरच ही साके उभी राहते. मी म्हटलं, आमच्याकडे त्या जंतूंना दारात उभं करत नाहीत. त्या म्हणाल्या, "तुम्ही ज्यांना परत पाठवता त्यांना इथे बोलावून घेतात."

मी हटले नाही. आंबलं ते आंबलं. त्यांनी विचारलं, आंबट तर झालंच, पण आणखी काय आहे त्यात? एकोणतीस वर्षांत 'आणखी काय' असं मला कुणी विचारलेलं नाही. खोट सापडली की माझं काम संपायचं.

मग त्या म्हणाल्या, नाक चिमटीत धरा, घोट घ्या, तोंडात फिरवा, थुंका. आता तोंड मिटून चिमूट सोडा आणि नाकाने श्वास बाहेर टाका. बाहेर, आत नाही.

मी टाकला. आणि मागून, घशाच्या वरून, काहीतरी आलं. गरम भात. साय. त्यामागे अक्रोडासारखं काही. अडीच महिन्यांत पहिल्यांदा कसला तरी वास आला. म्हणजे केळं आणि सफरचंद वगैरे मला आलेलंच नव्हतं. मी ड्रायव्हरकाकांचं ऐकून बोलत होते. हे मला त्या क्षणी कळलं आणि इथे लिहितानाही लाज वाटते.

मास्तरीणबाई मला पाण्याच्या नळापाशी गाठून हळूच म्हणाल्या, "तुम्हाला पुढून काही येत नाही ना?" मी म्हणाले, सर्दी आहे. त्या म्हणाल्या, वासाला दोन वाटा असतात. एक नाकपुडीतून आत, दुसरी घशामागून वर. पहिली बंद पडली तरी दुसरी कधीकधी चालू राहते. घरी रोजची वस्तू घ्या, कोमट करा आणि असाच परतीचा श्वास सोडून बघा.

मी जन्मभर पुढच्या दाराशी पहारा दिला. या घराला मागचं दार आहे हे कुणी सांगितलं नाही.

सोमवार, १६ फेब्रुवारी

रोजची वस्तू म्हणून दूधच घेतलं. सकाळी पातेलीतलं अर्धी वाटी कोमट केलं, नाक धरलं, घोट फिरवला, श्वास सोडला.

खराब. आजचं नाही, कालचं शिळं, त्यात परवाचं मिसळलेलं. पातेलीच्या कडेला जुनी साय राहून सगळं बिघडलेलं. मी रोज ती पातेली हुंगते आणि रोज त्यात नवं दूध ओतते.

हे टेबलापाशी कोरा चहा घेऊन बसले होते. मी वाटी यांच्यापुढे ठेवली. म्हटलं, प्या. यांनी वाटीकडे बघितलं, मग माझ्याकडे. मी विचारलं, कधीपासून?

"डिसेंबरपासून," हे म्हणाले.

पित्तबित्त काही नव्हतं. वन्सं खाली यायच्या त्या गॅसचं बघायला, हेही यांनीच सांगून ठेवलेलं. एकदा बटण अर्धवट राहिलं होतं म्हणे. मी एवढी चिडले की पातेली मोरीत आदळली. मी म्हटलं, भाऊ आणि बहीण मिळून माझ्यावर पाळत ठेवता? तोंडाने सांगता येत नाही? हे म्हणाले, "सांगितलं असतं तर तू मलाच परत पाठवलं असतंस." आणि वर हसले. मला हसू येत नव्हतं. माझी कीव केली गेली, माझ्याच स्वयंपाकघरात, दोन महिने.

संध्याकाळी ताजं दूध आणलं आणि दुधाचा चहा केला. हे दोन कप प्यायले.

मंगळवार, १७ फेब्रुवारी

कूलर बंद पडला नव्हता. तो कॅन मीच आत घेतला. एवढंच लिहायचं होतं.

रविवार, २२ फेब्रुवारी

कुणाला काही सांगणार नाही. मागची वाट आहे ना, ती वापरेन. साहेबांना तीन बाटल्या हव्यात, मी तीन देईन. कशाने ओळखल्या ते त्यांनी विचारलं नाही तर मी का बोलू?

आज एकच साके तीन तऱ्हांनी दिली: बर्फातली, खोलीत ठेवलेली आणि गरम पाण्यात सुरई उभी करून कोमट केलेली. थंडगार असताना तोंड मिटून बसलेली. कोमट झाली तशी बोलायला लागली. मी चार गोष्टी सांगितल्या: भात, भाजलेलं बी, ओली लाकडी फळी, आणि शेवटी जरासं कडू, ते बरं वाटणारं कडू. मास्तरीणबाईंनी माझं वाक्य फळ्यावर लिहिलं. ड्रायव्हरकाकांनी ते वहीत उतरवून घेतलं. व्याह्यांना सांगणार आहेत, स्वतःचं म्हणून.

मी दोष सांगितला नाही हे घरी येताना लक्षात आलं. एकही नाही. दीड तास मी कुणाला नापास केलं नाही.

आता मला ते आवडायला लागलंय, हीच खरी पंचाईत. औषध म्हणून जात होते तोवर ताठ मानेने जात होते.

शुक्रवार, २७ फेब्रुवारी

नोंदवहीचं टेबल कूलरच्या खोलीच्या वाटेवर आहे, त्यामुळे मिस्त्री दिवसातून दहादा समोरून जातो. आज थांबला. त्याच्या हातात ते ताकीदपत्र होतं, चार घड्या पडलेलं.

"बाई, त्या पहाटे मी कूलर तीनदा बघितला होता," तो म्हणाला. "तुम्ही म्हणालात म्हणजे बंद असेलच, म्हणून मी वाद घातला नाही. तुमचं नाक कधी चुकत नाही."

तो टोमणा मारत नव्हता, तेच वाईट. त्याला खरंच तसं वाटत होतं. आता त्याला पहाटेच्या पाळीवर एकट्याला ठेवत नाहीत. बावीस वर्षं तो ती पाळी एकट्याने करत होता. मी म्हटलं, कामं आहेत मला. तो गेला. मी त्याच रकान्यात दोनदा तोच आकडा लिहिला.

धक्का माझा आहे. मी तो कमावलाय. हे मी दिवसभर स्वतःला सांगत होते, पण जोर लागत होता.

रविवार, १ मार्च

आज पाच वाट्या, नावं झाकलेल्या. आधी एकदा चाखून घेतलेल्या पाच साके, आता ओळखायच्या. नाक चिमटीत, घोट, थुंकणं, परतीचा श्वास. मला वेळ लागला. बाकीच्यांचं झाल्यावर वीस मिनिटं मी तिथेच होते. पण पाचही बरोबर आल्या. ज्या आंबट वाटीला मी नापास केलं होतं ती आली तेव्हा मी आधी तिलाच ओळखलं. ड्रायव्हरकाकांच्या पाचही चुकल्या आणि ते माझ्यापेक्षा जास्त खूश दिसत होते.

मास्तरीणबाईंना मी विचारलं, हे लवकर जमेल का? एका श्वासात? त्या म्हणाल्या, पुढच्या वाटेने एका श्वासात जमतं. या वाटेने घोट घ्यावाच लागतो.

धक्क्यावर सरकत्या पट्ट्यावरून कॅन येतात. एका कॅनला एक श्वास. कच्चं दूध तोंडात घ्यायचं नाही, हा पहिल्या दिवसाचा नियम. उकळल्याशिवाय जिभेला लावायचं नाही. म्हणजे प्रत्येक कॅनमधलं थोडं उकळा, निववा, चाखा, थुंका. तोवर मागे कॅनची रांग फाटकाबाहेर जाईल आणि उन्हात सगळंच नासेल.

चाचणी मी जिंकेन. चाचणीनंतरची सकाळ कशी काढायची ते कळत नाही.

शुक्रवार, ६ मार्च

दहा बाटल्या प्रयोगशाळेच्या टेबलावर होत्या. साहेब, प्रयोगशाळेतला तपासनीस आणि मी. साहेबांनी बाहेरच्या कुणाला येऊ दिलं नव्हतं. मान ठेवायची रीत असते त्यांची.

मी एकेक झाकण उघडून उलटं केलं आणि हुंगलं. दहाच्या दहा. काही नाही. थंड काच आणि माझा स्वतःचा श्वास. हे मला आधीच माहीत होतं, तरी दहावं झाकण मी दोनदा हुंगलं.

मी म्हटलं, हे सगळं उकळून कोमट करून द्या. साहेबांनी तपासनीसाकडे पाहिलं, त्याने खांदे उडवले. अर्ध्या तासाने दहा वाट्या आल्या. मी साकेसारख्याच चाखल्या. दोन नंबर आंबट, हे शाळकरी पोरही सांगेल. सहा नंबर खवट, पण ते मागून आलं, श्वास सोडल्यावर. नऊ नंबरपाशी मी तीनदा गेले. तिथे कुबट, ओल्या चाऱ्याचं काहीतरी होतं, अगदी टोकाला. मी म्हणाले दोन, सहा, नऊ.

तपासनीसाने पाकीट फोडलं. दोन, सहा, नऊ.

साहेब उठून उभे राहिले. एवढं मोकळं हसताना मी त्यांना पाहिलेलं नाही. म्हणाले, "पास. सोमवारपासून धक्क्यावर या. वासाने की चवीने, कोण बघतंय?"

मी इथे खोटं लिहिणार नाही. दोन श्वासांपुरतं मी ते घेतलं. धक्का, पट्टा, झाकणं, 'बाई, बघा ना जरा', सगळं. मग मी म्हणाले, मी बघतेय. सोमवारी पट्ट्यावरून कॅन येतील आणि मी तिथे उभी राहून नाटक करेन. महिन्याभरात आणखी एक टाकी नासेल आणि मी पुन्हा मिस्त्रीकडे बोट दाखवेन. बारा जानेवारीला दाखवलं तसं. कूलर चालू होता साहेब. माझं नाक डिसेंबरातच गेलंय.

साहेब खाली बसले. बराच वेळ बाटल्यांची झाकणं एका ओळीत लावत राहिले. नंतर म्हणाले, ठीक आहे, आपण चांगल्या शब्दांत करू. त्यांनी कागद ओढून लिहिलं, 'प्रकृतीच्या कारणास्तव, स्वतःच्या विनंतीवरून'. सहीसाठी माझ्याकडे सरकवला. प्रेमानेच.

मला राग आला. कीव कागदावर उतरली तरी कीवच असते, आणि ती मी घरी भरपूर पाहिली. मी म्हटलं, साहेब, एकोणतीस वर्षांत मी हजारो कॅन परत पाठवले. दूध घालणारे माझ्यापुढे रडले, भांडले. एकालाही मी 'स्वतःच्या विनंतीवरून' असं लिहून दिलं नाही. त्यांना जो शब्द लावला तोच मलाही लावा.

ते म्हणाले, "कशाला हवंय ते, बाई? तुमचं नाव आहे इथे."

म्हणून तर, असं मी म्हणाले. मी त्यांचं पेन घेतलं, ती ओळ खोडली आणि वर लिहिलं, 'वासाच्या चाचणीत नापास'. खाली सही केली, चिठ्ठीवर करते तशीच, पूर्ण. दुसऱ्या कागदावर लिहिलं की टाकी माझ्या चुकीने नासली, मिस्त्रीचं पत्र मागे घ्यावं. त्यावरही सही.

बाहेर आले तर मिस्त्री भिंतीशी उभा होता. मी त्याला दुसरा कागद दाखवला. त्याने तो दोनदा वाचला. मला माफ केलं की नाही ते मी विचारलं नाही, त्यानेही सांगितलं नाही. तो कूलरच्या खोलीत गेला आणि दार जरा जोरात लागलं. त्याचा हक्कच आहे तो.

घरी येऊन यांच्यासमोर बसले आणि रडले. मग सगळं सांगितलं. हे म्हणाले, शब्द बरोबर लावलास. एवढं बोलून पुन्हा पुस्तक शिवायला घेतलं, पण दोरा ओवायला यांना चार प्रयत्न लागले.

रविवार, ८ मार्च

साडेतीन वाजलेत. शेवटचा वर्ग आहे, निघण्याआधी लिहून ठेवते.

वन्सं महिन्याभराने आज खाली आल्या. यांनी त्यांना धक्क्याचं सांगितलेलं असणार. मी साडी नेसून तयार होते. त्या दारात उभ्या राहिल्या, बरोबर वाटेत. आधी म्हणाल्या, वाईट झालं. मी म्हटलं, झालं ते झालं. मग त्यांनी माझ्या पिशवीकडे बघितलं.

"कामासाठी जाते म्हणाली होतीस," त्या म्हणाल्या. "आता ते कामही गेलं. मग आता कशासाठी निघालीस?"

मला दहा उत्तरं सुचली. पैसे भरलेत. शेवटचा दिवस आहे. ड्रायव्हरकाका वाट बघतील. सगळी खरी होती आणि सगळी पळवाट होती. या बाईने वीस वर्षं पळवाटाच ऐकल्या आहेत.

"प्यायला," मी म्हणाले. "आज थुंकणार नाही. एक वाटी गिळणार आहे, कारण मला ती आवडते. सहाला परत येईन आणि आधी वर तुमच्याकडे येईन. तुमच्यासमोर बसेन. माझ्या नाकाला आता काही कळत नाही, वन्सं. तुमच्या नाकाला कळतं. एका वाटीहून जास्त वाटलं तर तसं तोंडावर सांगा."

त्यांनी भिंतीवरच्या घड्याळाकडे बघितलं. मग दारातून बाजूला झाल्या आणि म्हणाल्या, "सहा म्हणजे सहा."